खोटी जखम, खरी कातडी: सिनेमातल्या इफेक्ट मेकअपची कृती, पायरी-पायरीने

“कपाळावर एक जखम पाहिजे,” असं कुणी म्हटलं की नवखा मेकअपवाला लाल रंगाची डबी उघडतो. मुरलेला माणूस आधी विचारतो, “कापलंय, फाटलंय, ठेचलंय, खरचटलंय, सोलवटलंय की पोळलंय?” आपल्या भाषेत या सगळ्याला वेगवेगळी क्रियापदं आहेत, कारण या जखमा दिसतातच वेगळ्या. ब्लेडने कापलं तर कडा सरळ आणि स्वच्छ. हाडावरची कातडी आपटून फाटली तर कडा वेड्यावाकड्या, भोवती सूज. रस्त्यावर घसरून सोलवटलं तर कडाच नसतात, एका दिशेने ओढल्या गेलेल्या रेघा असतात आणि त्यांत माती. मी शिकवायला बसते तेव्हा पहिला आठवडा रंगांना हात लावू देत नाही. फक्त क्रियापद ओळखायचं. मुलं वैतागतात, पण पुढे त्यांच्या हातून ‘नुसतीच लाल’ जखम होत नाही.

या लेखात एकाच जखमेची कृती शेवटपर्यंत सांगणार आहे: आपटून फाटलेली भुवई, मार लागून एक दिवस झालेला. वाटेत मुका मार, जुना व्रण आणि रक्त येईलच.

आधी कागदावर

पटकथेतून त्या पात्राचे प्रसंग वेगळे काढा आणि प्रत्येकासमोर तीन गोष्टी लिहा: मार कशाने लागला, त्याला किती वेळ झाला, मधल्या वेळात जखमेचं काय झालं. तिसरा प्रश्न सगळे विसरतात. पात्राने तोंड धुतलं? कुणी टाके घातले? ते रात्रभर त्याच कुशीवर झोपलं? धुतलेल्या जखमेत रक्त फक्त खोलात आणि केसांच्या मुळाशी उरतं. न धुतलेल्या जखमेचं रक्त गुरुत्वाकर्षणाच्या दिशेने वाळतं. माणूस पडून राहिला असेल तर ओघळ कानाकडे जाईल, हनुवटीकडे नाही.

मग कॅमेरा. लांबच्या शॉटमध्ये प्रेक्षकाला फक्त गडद डाग दिसतो, तिथे तीन तासांचं काम वाया जातं. क्लोजअपमध्ये पाव मिलिमीटरची कड दिसते. शॉट किती सेकंद टिकणार, नट घामेजणार का, पाऊस आहे का, रडायचं आहे का, भुवया उडवून संवाद बोलायचा आहे का, हे सगळं विचारून घ्या. साहित्य या उत्तरांवरून ठरतं, तुमच्या आवडीवरून नाही. गर्दीतल्या लांबच्या माणसाला लेटेक्स, म्हणजे द्रव रबर, पुरतं. थंड जागी अर्ध्या दिवसाच्या कामाला जिलेटिन छान, पण दिव्यांखाली ते सुटू लागतं आणि घामाने सैल पडतं. क्लोजअप आणि पूर्ण दिवस असेल तर सिलिकॉन. आणि काही वेळा नुसता रंग. तो कमीपणाचा अजिबात नाही.

कातडीला आधी विचारा

शूटिंगच्या किमान २४ तास आधी वापरायचा गोंद, लेटेक्स आणि काढायचं द्रव, तिन्ही नटाच्या कोपराच्या आतल्या बाजूला थोडं लावून बघा. लेटेक्सची ॲलर्जी पुष्कळांना असते आणि काहींना ती जीवघेणी ठरू शकते. ‘मला काही होत नाही’ या शब्दावर विसंबू नका, चाचणी करा. कारखान्यातलं सिलिकॉन, घरगुती झटपट गोंद, हस्तकलेचा चमचमाट यातलं काहीही चेहऱ्यावर जाता कामा नये. डब्यावर त्वचेसाठी असल्याचं लिहिलेलं असेल तेच घ्यायचं.

ही भीती उगाच नाही. १९३९ सालच्या ‘द विझर्ड ऑफ ऑझ’मध्ये टिनच्या माणसाची भूमिका आधी बडी एब्सन करत होते. त्यांच्या मेकअपमध्ये ॲल्युमिनियमची भुकटी होती. ती श्वासावाटे फुप्फुसात गेली आणि त्यांना रुग्णालयात दाखल करावं लागलं. भूमिका दुसऱ्या नटाकडे गेली, आणि त्याला भुकटीऐवजी ॲल्युमिनियमची पेस्ट लावली. भुकटी ती भुकटीच, हा धडा आजही तसाच लागू आहे. पावडर लावताना नटाला श्वास रोखायला सांगा आणि स्वतः मास्क लावा.

पहिला सराव: मुका मार

जखमेचा घडवलेला सिलिकॉनचा तुकडा चिकटवण्याआधी मुका मार रंगवता आला पाहिजे, कारण आपल्या भुवईभोवती तोच असणार आहे.

मार लागतो तेव्हा कातडीखालच्या बारीक रक्तवाहिन्या फुटतात आणि रक्त तिथेच साकळतं. पुढचे रंग म्हणजे त्या साकळलेल्या रक्तातलं हिमोग्लोबिन मोडत जाण्याचे टप्पे. सुरुवातीला लाली आणि सूज. एक-दोन दिवसांत निळसर जांभळं. साधारण पाचव्या दिवसानंतर हिरवट, कारण हिमोग्लोबिनपासून बिलिव्हर्डिन तयार होतं. मग त्याचं बिलिरुबिन होतं, तो पिवळा. शेवटी तपकिरी डाग राहून तोही जातो. सगळं मिळून दोन आठवड्यांच्या आसपास. हे कळलं की काय टाळायचं तेही कळतं: अर्ध्या तासापूर्वी ठोसा खाल्लेल्या माणसाला हिरवा-पिवळा डोळा. पडद्यावर ही चूक मी इतक्या वेळा पाहिली आहे की आता मोजणं सोडलंय.

जुना होत चाललेला मार सगळीकडे एकाच वेगाने बदलत नाही. बाहेरची किनार आधी पिवळी पडते, मध्य अजून जांभळा असतो. शिवाय साकळलेलं रक्त खाली उतरतं. कपाळावर मार बसला तर दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी पापणी काळीनिळी होते, हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. काठीसारखी गोल वस्तू बसली तर मधे फिकट पट्टा आणि दोन्ही बाजूंना समांतर लाल रेघा उमटतात, कारण रक्त दाबाने बाजूला ढकललं जातं. आणि डोळ्याभोवती मार रंगवताना काळी कडी काढू नका. हाडाच्या कडेवर जिथे आघात झाला तिथे रंग तुटक असतो, आणि नाकाजवळच्या आतल्या कोपऱ्यात, जिथे कातडी पातळ आहे, तिथे सर्वांत गडद.

कृती अशी. अल्कोहोलने विरघळणारे रंग घ्या, ते घामाला दाद देत नाहीत. ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने रंग पातळ करा, इतका की पहिला हात दिसतो की नाही अशी शंका यावी. डोळ्याजवळ मात्र ब्रश जवळजवळ कोरडा हवा, आणि अल्कोहोल उडून गेल्याशिवाय नटाने डोळे उघडायचे नाहीत. खरबरीत स्पंज हाताने फाडून घ्या. कात्रीने कापलेल्या स्पंजाचा कोपरा कातडीवर तसाच छापला जातो. आधी लाल, टिपक्यांनी, मोठ्या भागावर. त्यावर मरून, थोड्या आत. मग निळसर जांभळा, आणखी आत आणि एका बाजूला सरकवून, बरोबर मध्यभागी नाही. दोन हातांच्या मधे थोडी कातडी उघडी राहू द्या. शेवटी सूज दाखवायची असेल तर उंचवट्यावर हलकी चमक आणि त्याच्या खालच्या कडेला पुसट सावली.

सावळ्या आणि काळ्या कातडीवर लाल रंग मरूनकडे झुकतो, पिवळा-हिरवा जेमतेम दिसतो, आणि मार मुख्यतः आजूबाजूच्या रंगापेक्षा गडद, जांभळट तपकिरी वाटतो. गोऱ्या कातडीसाठी बनवलेली, ‘मुका मार’ लिहिलेली पाच रंगांची तयार डबी इथे राखेसारखी दिसते. मरून, गडद जांभळा आणि उबदार तपकिरी रंग वेगळे घेऊन ठेवा.

स्वतःच्या हातावर रोज एक मार, पहिल्या दिवसाचा, तिसऱ्या, सातव्या, दहाव्या, असा सराव करा. नंतर दुकानात गेलात तर लोक विचारपूस करतील, तयारी ठेवा.

मेण आणि कलोडियन, थोडक्यात

मेणाचा लगदा लावून, कडा चपट्या करून मधे चीर पाडणं हा शिकाऊंचा आवडता प्रकार. एखाद्या शॉटपुरता आणि न हलणाऱ्या जागी चालतो. भुवईवर, ओठाजवळ, कोपरावर तो तडकतो किंवा उष्णतेने सरकतो. म्हणून आपल्या कामाला नको.

जुन्या व्रणासाठी रिजिड कलोडियन आहे. हे द्रव वाळताना आकसतं आणि कातडीला आत ओढतं. दोन-तीन पातळ थरांत खळगा पडतो. डोळ्यांजवळ लावू नका, एकाच जागी रोज लावू नका, आणि आगीपासून लांब ठेवा, ते भसकन पेट घेतं.

तुकडा घडवणं

भुवईच्या वर साधारण चार सेंटिमीटरचा तुकडा हवा आहे. एवढ्या लहान, जवळपास सपाट तुकड्यासाठी चेहऱ्याचा साचा घ्यायची गरज नाही, गुळगुळीत फळीवर काम होतं.

तेलयुक्त मॉडेलिंग क्ले घ्या, पण गंधक नसलेली. प्लॅटिनम सिलिकॉनला, म्हणजे प्लॅटिनमवर जमणाऱ्या सिलिकॉनला, गंधक, लेटेक्स आणि टिनवर जमणारं सिलिकॉन हे तीन शत्रू आहेत. यातलं काहीही लागलं तर ते कधीच जमत नाही, चिकट राहतं. लेटेक्सचे हातमोजे घालून सिलिकॉन कालवलं आणि सकाळी साच्यात नुसता चिकट लगदा सापडला, हे प्रत्येकाच्या आयुष्यात एकदा होतं. व्हिनाइलचे मोजे वापरा.

आधी सूज घडवा, मग तिच्यात फाट पाडा. क्रम उलटा केला तर जखम कातडीवर ठेवल्यासारखी दिसते. फाट पाडताना हत्यार बाजूला ढकला, म्हणजे फाटीचा एक ओठ, म्हणजे एक कड, दुसऱ्यापेक्षा थोडा वर येईल. दोन्ही ओठ सारखे असले तर ते तोंड वाटतं, जखम वाटत नाही. भुवईवर कातडी हाडावर चिरडून फाटते, त्यामुळे मधे एखादा कातडीचा पूल राहू द्या आणि एका टोकाला फाटीला बारीक फाटा द्या. मग छिद्रं: क्लेवर पातळ प्लॅस्टिकचा कागद पसरून त्यावरून बोथट सुईने टोचा. कागदामुळे खड्ड्याच्या कडा मऊ होतात, खऱ्या रंध्रांसारख्या. छिद्रं सगळीकडे सारखी टोचू नका, आणि सुजेच्या माथ्यावर ती ताणलेली आणि विरळ असतात.

आता कड. या सगळ्या उद्योगात एकच गोष्ट मन लावून करायची असेल तर ही करा. ब्रश अल्कोहोलमध्ये बुडवून क्लेची बाहेरची किनार फळीकडे ओढत न्या, बोट फिरवल्यावर क्ले कुठे संपली ते कळू नये इतकी. डोळ्यांवर विश्वास ठेवू नका, बोटावर ठेवा. किनारीपासून तीन-चार मिलिमीटर अंतर सोडून सभोवती क्लेचा बारीक बांध घाला. साच्यात या बांधाची खोबण होते, आणि जास्तीचं सिलिकॉन तुकड्याच्या कडेवर न साचता तिथे जाऊन बसतं.

भोवती भिंत उभारून वर प्लॅटिनम सिलिकॉनचा साचा ओता. उंचावरून, बारीक धारेने, एका कोपऱ्यात ओता, म्हणजे बुडबुडे वाटेतच फुटतात. जमल्यावर क्ले काढून साचा स्वच्छ करा आणि आत रिलीज, म्हणजे चिकटू न देणारं द्रव, फवारा. सिलिकॉनला फारसं काही चिकटत नाही, पण दुसरं सिलिकॉन मात्र घट्ट चिकटतं.

मग कॅप प्लॅस्टिक नावाच्या, अल्कोहोलमध्ये विरघळणाऱ्या द्रव प्लॅस्टिकचे दोन-तीन पातळ थर साच्यात फवारा, कडेच्या बाहेर खोबणीपर्यंत. हे कवच दोन कामं करतं: नुसत्या सिलिकॉनवर न धरणारा गोंद यावर धरतो, आणि कातडीवर लावल्यावर याची कड अल्कोहोलने विरघळवून नाहीशी करता येते.

आतल्या सिलिकॉनचे ए आणि बी हे दोन भाग समान वजनाने, आणि त्यात मऊ करणारं डेडनर. पहिल्या प्रयोगाला ए-बीच्या एकूण वजनाच्या निम्मं डेडनर घेऊन बघा, मग बोटाने दाबून ठरवा. गाल मऊ, कपाळ घट्ट. जास्त डेडनर घातलं तर तुकडा नुसता चिकट जेलीचा गोळा होतो आणि कवच फाटलं की सगळं संपलं. रंग अगदी कमी घाला. खरी कातडी थोडी पारदर्शक असते, प्रकाश आत शिरून लाल होऊन परततो. म्हणून रंगाऐवजी बारीक चिरलेले रेयॉनचे लाल आणि थोडे निळे तंतू घाला. हाताच्या तळव्यावर थेंब ठेवून बघा, खालची रेघ पुसटशी दिसली पाहिजे.

साचा भरा, सपाट पट्टीने जास्तीचं खरवडून खोबणीत ढकला, आणि पाठीमागे कॅप प्लॅस्टिकचा एक थर द्या. जमल्यावर सोलताना ब्रशने पावडर मारत मारत सोला. पावडर नसेल तर पातळ कड स्वतःवरच दुमडते आणि चिकटते, आणि ती पुन्हा कुणालाही उलगडता येत नाही. एका दिवसाच्या कामाला किमान दोन तुकडे करा. एकदा लावलेला तुकडा पुन्हा वापरता येत नाही, कारण त्याची कड विरघळून गेलेली असते.

पूर्ण चेहऱ्याचं काम असेल तर

तुकडा गालापासून कपाळापर्यंत जाणार असेल तर चेहऱ्याचा साचा लागतो. समुद्री शेवाळापासून होणारं अल्जिनेट किंवा त्वचेसाठीचं सिलिकॉन लावतात आणि वर प्लास्टर बँडेजचं कवच. अल्जिनेट काही मिनिटांत जमतं, कोमट पाण्याने आणखी लवकर. नाकपुड्या उघड्या राहतील याकडे बघायला एक माणूस फक्त त्याच कामाला ठेवा. नळ्या खुपसू नका, त्याने नाकाचा आकार बदलतो आणि धक्का लागला तर इजा होते. भुवयांना व्हॅसलीन, आणि ‘काढा’ म्हणून सांगायची हाताची खूण आधी ठरवून. ज्याला बंद जागेची भीती वाटते त्याच्यावर हा प्रयोग करू नका, आता थ्रीडी स्कॅन हा चांगला पर्याय आहे. एक गोष्ट मात्र ठणकावून सांगते: प्लास्टर ऑफ पॅरिस थेट कातडीवर ओतू नका आणि त्यात हात बुडवून बसू नका. जमताना ते इतकं तापतं की कातडी आणि खालचं मांस भाजतं, आणि हात आत अडकलेला असतो.

मोठ्या मुखवट्याचं एक तत्त्व हॉलिवूडचे मेकअप कलाकार डिक स्मिथ यांच्याकडून आलं. १९७०च्या ‘लिटल बिग मॅन’मध्ये त्यांनी डस्टिन हॉफमन यांना १२१ वर्षांचा म्हातारा केला, ते एकसंध मुखवटा चढवून नाही, तर फोम लेटेक्सचे एकमेकांवर येणारे वेगवेगळे तुकडे चिकटवून. त्यामुळे चेहऱ्याचे स्नायू हलले की त्या त्या जागचा तुकडा हलतो. आजही हीच पद्धत आहे. त्याची किंमतही आहे: जितके तुकडे तितक्या कडा.

लावणं

नटाची कातडी अल्कोहोलने तेलमुक्त करा. खरी भुवई आड येत असेल तर ती गोंदाने चपटी बसवून घ्या, कापायची असेल तर लेखी परवानगी.

तुकडा आधी कोरडाच ठेवून जागा ठरवा आणि आयलाइनर पेन्सिलने दोन खुणा करा. गोंद म्हणून प्रॉस-एड घ्या. तो ओला असताना दुधासारखा पांढरा असतो आणि वाळला की पारदर्शक होतो. तुकड्याला आणि कातडीला, दोन्हीला पातळ लावा आणि पारदर्शक होईपर्यंत हात बांधून बसा. ओल्यात दाबला तर तो सरकतो. आधी मध्य टेकवा, मग बाहेरच्या दिशेने. नटाला भुवया उडवायला, कपाळाला आठ्या घालायला सांगा. जिथे तुकडा उचलला जातो तिथेच आणखी गोंद.

आता बाहेरची कवचाची झालर विरघळवायची. कापसाची काडी अल्कोहोलने ओलसर करा, टपटपती नको. झालर नव्वद टक्के कापून टाका आणि उरलेली काडी गोल फिरवत बाहेरच्या दिशेने पुसा. आतल्या दिशेने पुसलं तर कड गोळा होते. झालं असं वाटलं की मोबाइलचा दिवा कातडीला समांतर, बाजूने धरा. समोरच्या प्रकाशात लपलेली प्रत्येक पायरी या तिरप्या प्रकाशात सावली टाकते. सावली दिसली की पुन्हा काडी. अगदीच राहिली तर घट्ट केलेला प्रॉस-एड स्पंजाने टिपक्याटिपक्याने भरा, वाळू द्या, पावडर मारा. मेकअपच्या खुर्चीसमोरच्या गोल दिव्यांवर कधीही विश्वास ठेवू नका, ते सगळ्यांना माफ करतात.

रंग

एकाच फाउंडेशनने तुकडा झाकणं म्हणजे भिंतीला पुट्टी मारणं. कातडीत लाल, पिवळा, निळसर, ऑलिव्ह असे पुष्कळ रंग विखुरलेले असतात आणि दुरून त्यांचा एक रंग वाटतो. तोच हिशोब उलटा करायचा. पातळ लाल ठिपके तुकड्यावर आणि बाहेरच्या खऱ्या कातडीवरही. मग पिवळसर तपकिरी, मग ऑलिव्ह. शेवटी टूथब्रशवर बोट ओढून बारीक शिंतोडे. शिंतोड्यांची गंमत अशी की ते कडेच्या दोन्ही बाजूंना पडतात आणि नजर कड शोधायचं सोडून देते.

जखमेच्या आतला सर्वांत खोल भाग काळा करू नका, गडद मरून करा. काळा रंग कॅमेऱ्यात भोक वाटतो. जखमेच्या ओठांच्या आतल्या बाजूला गुलाबी-लाल, बाहेर लालसर वलय. आपली जखम एक दिवसाची आहे, म्हणून फटीत तपकिरी खपली, खपलीच्या कडेला किंचित पिवळसर ओल, आणि सकाळी उठल्यावर पापणीवर उतरलेला जांभळट मार. वर सांगितलं होतं ते इथे कामाला आलं. खोलात पाण्यात विरघळणाऱ्या जेलीचा एक थेंब चमकेसाठी. चमक फक्त फटीत, सुजेवर नाही.

रक्त

घरी करायचं तर ग्लुकोज किंवा कॉर्न सिरप, खाण्याचा लाल रंग, आणि थोडासा पिवळा. पिवळा नसेल तर रक्त गुलाबी सरबतासारखं दिसतं. निळ्याचा एखादा थेंब शिरेतलं रक्त देतो. धमनीतलं रक्त उजळ, शिरेतलं गडद, वाळलेलं तपकिरी. वाळलेल्यासाठी ताज्या रक्तात कोको पावडर मिसळून कडांकडे लावा, कारण ओघळ कडेपासून वाळतो. सिरपवाल्या रक्ताला मुंग्या आणि माश्या लागतात, बाहेरच्या शूटिंगला ही गंमत नसते.

तोंडातलं रक्त नेहमी वेगळ्या बाटलीत, ठळक चिठ्ठी लावून. बाहेरच्या रक्तात ते नीट पसरावं म्हणून साबणासारखं काही घातलेलं असू शकतं. डिक स्मिथ यांच्या प्रसिद्ध कृतीतही फोटो धुताना वापरायचं एक रसायन होतं, आणि ते पोटात जाण्यासारखं नाही.

कोणत्या प्रकाशात शूट होणार ते कॅमेरामनला विचारून चाचणी घ्या. रात्रीच्या निळ्या प्रकाशात सुरेख लाल रक्त डांबर होतं. तिथे ते एरवी खोटं वाटेल इतकं उजळ करावं लागतं. १९६०च्या ‘सायको’त न्हाणीघरातलं रक्त म्हणून चॉकलेट सिरप वापरलं होतं, कारण कृष्णधवल फिल्मवर लाल रंगाचा उपयोगच नव्हता, घट्टपणा आणि गडदपणा हवा होता.

ओघळ ब्रशने काढू नका. ड्रॉपरने वरून सोडा आणि त्याला स्वतः वाट शोधू द्या. मोठ्या माणसाच्या अंगात साधारण पाच लिटर रक्त असतं, त्यामुळे भुवईच्या जखमेतून बादलीभर सांडू नका. वाहतं दाखवायचं असेल तर तुकडा लावण्याआधी त्याखालून केसांकडे बारीक नळी न्या आणि सिरिंज चौकटीबाहेर कुणाच्या तरी हातात द्या. स्फोटाने उडणाऱ्या रक्ताच्या पिशव्यांच्या वाटेला जाऊ नका, तो परवानाधारक तंत्रज्ञाचा प्रांत.

सेटवर

सिनेमा क्रमाने चित्रित होत नाही. तिसऱ्या दिवसाची जखम आज, पहिल्या दिवसाची पुढच्या महिन्यात. म्हणून पारदर्शक प्लॅस्टिकचा पत्रा नटाच्या चेहऱ्यावर ठेवून तीळ, डोळ्याचा कोपरा आणि जखमेची जागा त्यावर उमटवा आणि भोकं पाडा. दुसऱ्या दिवशी तीळ जुळले की जखम जुळली. एका कामात मी हा पत्रा न करता मोबाइलच्या समोरच्या कॅमेऱ्याने काढलेल्या फोटोवरून जखम लावली. तो कॅमेरा आरशासारखी उलटी प्रतिमा साठवत होता. जखम दुसऱ्या भुवईवर गेली, आणि अर्धा दिवस चित्रीकरण झाल्यावर कंटिन्युइटीवाल्या मुलीच्या ते लक्षात आलं. त्यानंतर पत्र्यावर ‘नटाचा डावा’ असं लिहिल्याशिवाय मी खुर्चीजवळ जात नाही.

दर दोन टेकनंतर कडा बघा. घाम टिपताना पुसायचं नाही, टिश्यू दाबून उचलायचा. नटाला जेवताना आरसा द्या. आणि सेटवर लहान मूल असेल तर जखम त्याच्यासमोरच बोटाने दाबून दाखवा, खोटी आहे हे आधी कळू द्या.

काढणं

पॅकअपला सगळ्यांना घरी जायची घाई असते आणि तुम्हाला अर्धा तास हवा असतो. तो वेळ वेळापत्रकात आधीच लिहून घ्या. रिमूव्हर चपट्या ब्रशवर घेऊन कडेखाली घाला, थांबा, उचलली जाईल तेवढीच उचला, पुन्हा ब्रश. ओढायचं नाही. डोळ्याजवळ रिमूव्हर ब्रशवर कमी आणि खाली टिश्यू धरलेला. भुवईचे केस उगवत्या दिशेने सोडवा. सगळा गोंद गेल्यावर रिमूव्हरचं तेल सौम्य साबणाने धुवा, नाहीतर उद्याचा गोंद धरणार नाही. मॉइश्चरायझर लावा आणि कातडी लाल झाली असेल तर तसं वहीत लिहून ठेवा. उद्या सकाळी दुसरा तुकडा लावण्याआधी पहिलं पान तेच उघडायचं आहे.